दसऱ्याचा झेंडू पेरावा केव्हा?

दसऱ्याला महाराष्ट्रात दारोदारी झेंडूचे तोरण लागते. शेतकऱ्याच्या दृष्टीने मात्र हे फूल तारखेला बांधलेले आहे. दसऱ्यानंतर आठ दिवसांनी बहर आला, तर कित्येकदा तोडणीची मजुरीही सुटत नाही. म्हणूनच ‘झेंडू कसा लावावा’ याइतकाच ‘केव्हा लावावा’ हा प्रश्न महत्त्वाचा आहे. शाळेच्या बागेत विद्यार्थ्यांना तो सहज सोडवता येईल.

पहिली अडचण पंचांगाची. चांद्रवर्ष ३५४ दिवसांचे असल्याने दसरा दरवर्षी दहा-अकरा दिवस मागे येतो आणि अधिक महिना आला की पुढे जातो. २०२४ साली तो १२ ऑक्टोबरला होता, २०२५ साली २ ऑक्टोबरला. २०२६ साली अधिक ज्येष्ठामुळे तो २० ऑक्टोबरला येतो. म्हणजे ‘जुलैत अमुक तारखेला पेरला की झाले’ असा इंग्रजी तारखेचा ठोकताळा चालत नाही. तारखेवरून उलटे मोजावे लागते.

समजा, आपल्या वाणाचे रोप २५ दिवसांत लावणीस तयार होते आणि लावणीनंतर ६० दिवसांनी फुलते. एकूण ८५ दिवस झाले. २० ऑक्टोबरमधून ८५ दिवस वजा केले की २७ जुलै येते. २ ऑक्टोबरच्या दसऱ्यासाठी हाच हिशेब ९ जुलैवर जातो. परंतु सर्व वाणांचा काळ सारखा नसतो. ‘पुसा नारंगी गेंदा’ या वाणाला पेरणीपासून चार महिने किंवा थोडे अधिक लागतात. तेव्हा बियाण्याच्या पाकिटावरील दिवस आधी वाचावेत.

दुसरी गोष्ट दिवसाच्या लांबीची. झेंडू मूळचा मेक्सिकोचा. दिवस लहान झाले की तो लवकर कळ्या धरतो, दिवस मोठे असताना नुसता उंच वाढत राहतो. नाशिक साधारण २० अंश उत्तर अक्षांशावर आहे. येथे २१ जूनचा दिवस सुमारे १३ तास २० मिनिटांचा, तर २२ डिसेंबरचा जवळजवळ ११ तासांचा असतो. त्यामुळे एकच वाण जूनमध्ये पेरला तर फुलायला जास्त दिवस घेतो आणि सप्टेंबरअखेर पेरला तर कमी.

आता लागवड. बी गादीवाफ्यावर किंवा खोक्यात पेरून वर चाळलेल्या मातीचा पातळ थर द्यावा. उबदार हवेत चार ते सहा दिवसांत ते उगवते. चार पाने आलेली रोपे संध्याकाळी, दीड-दीड फुटावर लावावीत. इगतपुरी-त्र्यंबकेश्वरकडे पावसाचा जोर असतो, तर निफाडकडील काळ्या मातीत पाणी साचते. दोन्हीकडे रोपे वरंब्यावर लावलेली बरी, कारण साचलेल्या पाण्यात मुळांना हवा मिळत नाही व ती कुजतात. महिनाभराने शेंडा खुडला की खालच्या पानांच्या बगलेतल्या कळ्या जाग्या होतात, फांद्या आणि फुले वाढतात. पण बहर लांबतो. शेंडा खुडायचा असेल, तर पेरणी आठवडाभर तरी आधी करावी.

वेळेच्या या गणिताचा टोमॅटोलाही उपयोग होतो. फळ पोखरणाऱ्या अळीचा पतंग झेंडूच्या फुलांवर आवडीने अंडी घालतो. त्यामुळे टोमॅटोच्या १६ ओळींमागे झेंडूची एक ओळ लावण्याची शिफारस आहे. त्यासाठी झेंडूची रोपे ४० दिवसांची, तर टोमॅटोची २५ दिवसांची घेतात. कारण दोघांचा फुलोरा एकाच वेळी यायला हवा. पिंपळगाव बसवंतच्या परिसरातील मुलांना हे उदाहरण लगेच पटेल.

वर्गात करण्याजोगा एक प्रयोग असा. एकाच दिवशी पेरलेल्या, सहा पानांवर आलेल्या दहा कुंड्या घ्याव्यात. त्यांपैकी पाच कुंड्यांवर रोज संध्याकाळी ५ ते सकाळी ८ पर्यंत पत्र्याचे डबे पालथे घालावेत. प्रकाशाची फटही राहू देऊ नये. रविवारीही पाळी चुकवू नये. हे तीन आठवडे करावे. बाकीच्या पाच उघड्याच ठेवाव्यात. प्रत्येक रोपावर पहिली कळी दिसल्याची तारीख लिहून दोन्ही गटांची सरासरी काढावी. एकेका रोपात फरक असतोच, म्हणून एका कुंडीवरून निष्कर्ष काढू नये. झाकलेल्या रोपांना कळ्या आधी आल्या, तर झाड दिवसाची लांबी ‘मोजते’ हे मुलांनी स्वतः पाहिलेले असेल. पुढच्या दसऱ्याची पेरणीची तारीखही मग त्यांनाच काढू द्यावी.