स्वप्नांचा मोजणीदार

‘ट्रेझर आयलंड’ लहानपणी पुष्कळ जण वाचतात. मी मात्र गोष्टीपेक्षा पुस्तकाच्या सुरुवातीच्या नकाशातच अडकलो. त्या बेटाच्या खाडीत मनातल्या मनात किती वेळा नांगर टाकला असेल! पुढे कळलं, की हे वेड खुद्द लेखकाचंच होतं. रॉबर्ट लुई स्टीव्हन्सनने आधी नकाशा काढला, गोष्ट त्यातून उगवली.

साल १८८१. स्कॉटलंडमधल्या ब्रेमारला स्टीव्हन्सन मंडळी उन्हाळ्यासाठी आलेली, पण पाऊस काही घराबाहेर पडू देईना. तेरा वर्षांचा सावत्र मुलगा लॉइड रंगपेटी घेऊन बसायचा. एके दिवशी स्टीव्हन्सननेही सहज एक बेट रेखाटलं, रंगवलं. त्या कागदाकडे बघता बघता झाडीतून हत्यारबंद माणसं डोकावू लागली, असं त्याने नंतर लिहून ठेवलंय. लगोलग प्रकरणांची यादी झाली. रोज एक प्रकरण लिहायचं आणि घरात वाचून दाखवायचं. वडील, थॉमस स्टीव्हन्सन, मुलाहून जास्त रंगले! गोष्टीतल्या बिली बोन्स या खलाशाच्या पेटीत काय काय सापडावं याची यादी त्यांनी करून दिली. चाच्यांचा कप्तान फ्लिंट याच्या जुन्या जहाजाचं ‘वॉलरस’ हे नावही त्यांच्याच हट्टाचं.

आता नकाशा पाहू. बेट नऊ मैल लांब, पाच मैल रुंद. स्पाय-ग्लास नावाची टेकडी, तीन लाल फुल्या आणि दोन सुरक्षित बंदरं. ही दोन बंदरं सहज म्हणून काढलेली. पण ती होती म्हणूनच ‘हिस्पॅनिओला’ जहाज एकातून निघून दुसऱ्यात पोहोचण्याचा सगळा थरार सुचला. एका बेटुकलीला त्याने ‘स्केलेटन आयलंड’ म्हटलं, निव्वळ नाव भारी वाटलं म्हणून. मग नावाला जागायचं तर सांगाडा हवा. तेव्हा दिशा दाखवणारा सांगाडा आला, आणि ती कल्पना आपण एडगर अ‍ॅलन पोकडून चोरली, हेही पठ्ठ्याने कबूल केलं.

यापुढची हकिगत मला फार प्रिय आहे. पुस्तक छापायची वेळ आली तेव्हा प्रकाशकाकडे पाठवलेला नकाशा पोहोचलाच नाही. मग स्टीव्हन्सनने आपल्याच कादंबरीतला एकेक उल्लेख टिपून, कंपास घेऊन, सगळ्यांशी जुळेल असा नवा नकाशा रचला. तो वडिलांच्या कचेरीत आखला गेला. देवमासे आणि शिडाची जहाजं काढून सजवला गेला. कॅप्टन फ्लिंटची खोटी सही वडिलांनी ठोकली. १८८३ च्या पुस्तकात छापला गेला तो हाच. पण स्टीव्हन्सनला तो कधीच आपल्या बेटाचा वाटला नाही. मला हे पटतं. पहिल्या नकाशाने गोष्टीला जन्म दिला होता, दुसरा गोष्टीचा हिशेब होता.

कचेरीचा विषय निघालाच आहे, तर थोडं आडवळण घेतो. ती कचेरी दीपगृहं बांधणाऱ्यांची. आजोबा रॉबर्ट यांनी भरतीत बुडणाऱ्या बेल रॉकवर दीपगृह उभारलं. ते १८११ मध्ये उजळलं. काका अ‍ॅलन यांचं स्केरीव्होर. आणि वडील थॉमस यांचं काम तर आपल्याकडेही पोहोचलंय. वेधशाळेच्या आवारात चार पायांवर उभी, झडपांची पांढरी पेटी पाहिली आहे का? तीच ‘स्टीव्हन्सन स्क्रीन’. कमाल-किमान तापमान मोजणारे तापमापक तिच्याच सावलीत असतात. पुण्यात अशी पेटी दिसली की माझी पावलं थबकतात. सोबतच्यांना वाटतं, याला हवामानाची गोडी आहे!

चिरंजीवही या धंद्यात जाणार होते. दीपगृहाच्या उघडझाप दिव्यावरच्या निबंधासाठी १८७१ मध्ये रौप्यपदक मिळवलं आणि त्याच वर्षी अभियांत्रिकी सोडली.

चरित्र थोडक्यात असं: जन्म एडिंबरा, १८५०; छाती कायमची नाजूक; वकिलीची सनद घेतली, वकिली नावापुरतीच; अमेरिकेत फॅनीशी लग्न; शेवटची वर्षं सामोआत; मृत्यू १८९४, वय ४४.

स्वप्नांशी मात्र या माणसाचा रोजचा व्यवहार. लहानपणी ती भीतीने ओरडायला लावायची, मोठेपणी कथानकं पुरवायची. डॉ. जेकिल आणि मिस्टर हाइड यांच्या गोष्टीतले कळीचे प्रसंग स्वप्नातच दिसले. ओरडतोय म्हणून फॅनीने उठवलं, तर हा तिच्यावरच रागावला! १८८८ मध्ये त्याने स्वप्नांवर एक निबंधच लिहिला आणि आपल्या लेखनाचं श्रेय झोपेत राबणाऱ्या ‘छोट्या माणसां’ना देऊन टाकलं.

पण हाच स्वप्नाळू लेखक सांगतो, की कादंबरीतल्या मुलखाची अंतरं, दिशा, सूर्य कुठे उगवतो, हे तळहातासारखं ठाऊक हवं. ‘प्रिन्स ऑटो’ या आपल्या कादंबरीत चंद्राचं गणित फसल्यावर तो पंचांग जवळ ठेवल्याशिवाय लिहीनासा झाला. माझ्या मते त्याचं मोठेपण इथे आहे. स्वप्नं सगळ्यांनाच पडतात; त्यांची मोजणी करायला दीपगृहवाल्यांच्या घरातलं रक्त लागतं. आज काल्पनिक साहसकथा उघडली की आरंभी नकाशा असणारच, असं आपण धरून चालतो. त्या सवयीत या बेटाचा वाटा मोठा आहे.

खरं बेट कुठलं, यावर अजून भांडणं चालतात. कुणी स्कॉटलंडच्या किनाऱ्यावरचं फिड्रा सांगतं, कुणी शेटलंडमधलं अन्स्ट, कुणी थेट कॅरिबियनमधलं नॉर्मन आयलंड. छापील नकाशावर मात्र स्वच्छ नोंद आहे, की अक्षांश-रेखांश गोष्टीचा छोटा नायक जिम हॉकिन्सने खोडले आहेत. शहाणा मुलगा! नाहीतर एव्हाना त्या फुल्यांवर तिकीटखिडकी उभी राहिली असती.