संगणकातले छोटे कारभारी

पनवेलच्या दुकानात लॅपटॉप घेताना आपण प्रोसेसर कोणता, रॅम किती हे विचारतो. त्याच लॅपटॉपमधल्या मायक्रोकंट्रोलरची चौकशी कुणी करत नाही. खरे तर त्याच्याशिवाय यंत्र सुरूही होणार नाही.

एकाच चिपवर सगळे

प्रोसेसर, मेमरी आणि सिग्नल घेणाऱ्या-देणाऱ्या पिना एकाच चिपवर असल्या की तो मायक्रोकंट्रोलर. इंटेलने १९८० मध्ये आणलेल्या ८०५१ मध्ये प्रोग्रॅमसाठी ४ केबी आणि तात्पुरत्या माहितीसाठी अवघी १२८ बाइट जागा होती. मोबाइलवरचा एक फोटोही त्यात मावणार नाही. पण ठरलेले एकच काम अखंड करायला तेवढी पुरते.

कळ दाबल्यावर काय होते?

कीबोर्डवर शंभराच्या आसपास कळा असतात. प्रत्येक कळेला वेगळी तार दिली तर चिपला तेवढ्या पिना लागतील. म्हणून कळा उभ्या-आडव्या तारांच्या जाळीत बसवतात. ८ आडव्या आणि १८ उभ्या, अशा २६ तारांत १४४ कळांची सोय होते. मायक्रोकंट्रोलर एकेका ओळीत सिग्नल सोडून कोणती कळ दाबली आहे ते शोधतो आणि हे सतत चालू ठेवतो. कळ दाबताना आतला संपर्क काही मिलिसेकंद थरथरतो. ही थरथर गाळली नाही, तर एकदा दाबलेले अक्षर दोन-तीनदा उमटेल. सगळी खात्री झाल्यावरच कळेचा क्रमांक संगणकाकडे जातो. १९८१ च्या आयबीएम पीसीच्या कीबोर्डमध्ये हे काम इंटेलचा ८०४८ करायचा.

लॅपटॉप बंद असतानाही

लॅपटॉपमधला एम्बेडेड कंट्रोलर हाही मायक्रोकंट्रोलरच; मुख्य प्रोसेसर बंद असतानाही तो जागा असतो. चार्जिंग, पंखा आणि चालू करायचे बटण त्याच्या ताब्यात असते. लॅपटॉपबाहेरही असेच: पावसाळ्यात वीज गेली की व्होल्टेज पडल्याचे ओळखून बॅटरीकडे वळण्याचा निर्णय आजच्या बहुतेक यूपीएसमध्ये मायक्रोकंट्रोलरच घेतो.

शिकायचे कुठून?

मुंबई विद्यापीठाच्या इलेक्ट्रॉनिक्स अभ्यासक्रमात ८०५१ वर्षानुवर्षे शिकवला गेला. पाया म्हणून तो उत्तमच, पण आज्ञा पाठ करून हा विषय येत नाही. हातात बोर्ड हवा. ३२ केबी मेमरीचा आर्डुइनो उनो सुरुवातीला पुरेसा आहे. पुण्यात मुख्यालय असलेल्या सी-डॅकने ‘तेजस-३२’ ही चिप आणि तिच्यावर चालणारे ‘एरीज’ बोर्डही तयार केले आहेत. पनवेल परिसरातल्या अभियांत्रिकी महाविद्यालयांनी आपल्या प्रयोगशाळेत आर्डुइनोच्या शेजारी हे भारतीय बोर्डही जरूर ठेवावेत.