गोलंदाज बॉल टाकत नव्हता, तोफ डागत होता! मग हा शब्द क्रिकेटमध्ये आला कसा?

मोहोळ तालुक्यातल्या आष्टीत आज 'गोलंदाज' म्हटलं की टेनिस बॉल घेऊन रनअप घेणारं पोरगं डोळ्यासमोर येतं. याच आष्टीजवळ २० फेब्रुवारी १८१८ ला पेशव्यांचे सेनापती बापू गोखले इंग्रजांशी लढताना पडले. त्या दिवशी इथे कुणी 'गोलंदाज' अशी हाक मारली असती, तर तोफेजवळचा माणूस वळला असता.

कारण गोलंदाज म्हणजे तोफेचा गोळा फेकणारा. 'गोल' म्हणजे आपला गोळाच. 'अंदाज' मात्र फारसी. अंदाख्तन म्हणजे फेकणं, त्यावरून अंदाज म्हणजे फेकणारा.

या एका शेपटावर सैन्यातली अख्खी भावकी उभी आहे. तीर फेकणारा तो तिरंदाज. अरबीत 'बर्क' म्हणजे वीज, म्हणून वीज फेकणारा तो बरकंदाज, म्हणजे बंदूकवाला. बंदुकीच्या ठिणगीला वीज म्हणणाऱ्याला मानलं पाहिजे! पुढे कंपनीच्या राज्यात बंगालमधले ठाण्यातले शिपाईही बरकंदाजच म्हणवले गेले.

गंमत म्हणजे युरोपातही हेच झालं. तिथे मध्ययुगात घोडा दाबून बाण सोडायचं आडवं धनुष्य होतं. ते चालवणारा तो आर्बलेस्टर. लॅटिनमध्ये 'आर्कुस' म्हणजे धनुष्य आणि 'बॅलिस्टा' म्हणजे दगड-भाले फेकणारं यंत्र. हा बॅलिस्टा ज्या ग्रीक क्रियापदावरून आला, त्याचाही अर्थ फेकणं.

आर्बलेस्टर बंदुकीपुढे संपला आणि त्याचा शब्द कोशात जाऊन पडला. आपल्या गोलंदाजावरही तीच वेळ आली होती. कंपनीच्या तोफखान्यात 'गोलंदाज' नावाच्या हिंदी पलटणीच होत्या. पण १८५७ च्या उठावानंतर इंग्रजांनी डोंगरी तोफखान्याच्या थोड्या तुकड्या सोडल्या, तर हिंदी शिपायांच्या हातातून तोफा काढूनच घेतल्या. काम गेलं, शब्द रिकामा झाला. तो मराठी क्रिकेटने उचलला.

मग त्याच्याच साच्यात 'फलंदाज' पाडला गेला. शब्दशः अर्थ लावला तर फळी फेकणारा! बॅट हातातून सुटल्यावर तेवढा तो खरा ठरतो.

त्यामुळे 'बॉलर नको, शुद्ध मराठीत गोलंदाज म्हणा' अशी पोस्ट दिसली, की समजावं अर्धा शब्द इराणचा आहे. शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करून घेतला, तरी हे 'अंदाज' मराठीत टिकलेच.

भावकीतला तिरंदाज मात्र आजही मूळच्याच कामावर आहे. २०२३ मध्ये बर्लिनला साताऱ्याची अदिती स्वामी आणि नागपूरचा ओजस देवतळे कंपाउंड तिरंदाजीत जगज्जेते झाले. त्यांच्या धनुष्याला कप्प्या असतात आणि बाण सोडायला हातात वेगळी कळ असते. जुना आर्बलेस्टर ते धनुष्य बघून चक्रावला नसता.