पिंपांच्या गावातला जगज्जेता संघ

व्हेनिसहून उदीनेकडे जाणारी गाडी त्रेव्हिझो सोडून पुढे निघाली की सपाट शेतं हळूहळू मागे पडतात आणि डाव्या हाताला टेकड्या दिसू लागतात. व्हेनिसपासून तासाभरात कोनेल्यानो येतं. वस्ती पस्तीस हजारांच्या आसपास. स्टेशनातून बाहेर पडून दहा मिनिटं चाललं की आपण गावाच्या मध्यावर. एवढ्याशा गावाचा महिला व्हॉलीबॉल संघ २०१९, २०२२ आणि २०२४ असा तीनदा क्लब जगज्जेता झाला, आणि त्या खेळाची आवड असलेल्या कुणालाही आज इटली म्हटलं की रोम-मिलानच्या आधी हे नाव आठवतं.

गावाची बाकीची ओळख पर्यटन पुस्तिकेत मिळते. टेकडीवर किल्ला, खाली भित्तिचित्रांनी सजलेल्या जुन्या हवेल्यांचा आणि कमानींचा रस्ता, कॅथेड्रलमध्ये इथल्याच मातीतल्या चीमा या चित्रकाराने पंधराव्या शतकाच्या अखेरीस रंगवलेलं वेदीचित्र. चीमाने मेरी आणि संतांची चित्रं काढली, पण पार्श्वभूमीला अनेकदा आपल्या गावच्या टेकड्या आणि किल्ला घातला. १८७६ साली इथे द्राक्षशेती आणि वाइनचं शिक्षण देणारी शाळा निघाली, इटलीतली सर्वांत जुनी. कोनेल्यानो ते वाल्दोब्यादेने या टेकड्यांवर प्रोसेक्को ही फसफसणारी वाइन होते आणि २०१९ मध्ये युनेस्कोने या टेकड्यांना जागतिक वारशाचा मान दिला.

मला मात्र या गावात वाइनपेक्षा पिंपाने जास्त गुंतवलं. कमानींखालच्या एका बारमध्ये एक वयस्कर गृहस्थ भेटले. उमेदीची सगळी वर्षं पिंपं बांधण्यात गेलेली. त्यांनी टेबलावरच दोन्ही हातांची बोटं एकमेकांना टेकवून पिंप कसं उभं राहतं ते दाखवलं. ओकच्या फळ्या आधी उघड्यावर रचून ठेवायच्या. ऊन, पाऊस, थंडी सगळं त्यांना खाऊ द्यायचं, तेही एक-दोन महिने नव्हे, काही वर्षं. त्यामुळे लाकडातला कडवटपणा धुऊन जातो. मग प्रत्येक फळी मध्ये रुंद, टोकांना निमुळती तासायची, कडा तिरक्या रंधायच्या आणि लोखंडी कड्याच्या आत गोल उभ्या करायच्या. आत विस्तव पेटवायचा, बाहेरून ओल्या फडक्याने पाणी फिरवायचं. लाकूड तापून मऊ झालं की फळ्या हळूहळू आवळत आणायच्या. घाई केली तर फळी तडकते. पुऱ्या पिंपाला ना गोंद, ना खिळा. आत वाइन पडली की लाकूड फुगतं आणि सांधे आपोआप बंद होतात. हे सांगताना ते अंगठा टेबलाच्या कडेवरून फिरवत होते. सांधा बरोबर बसला की नाही, हे डोळ्यांना नाही, अंगठ्याला कळतं, म्हणाले.

प्रोसेक्को आता स्टीलच्या बंद टाक्यांत फसफसवतात, तिला लाकूड लागत नाही. तरीही कोनेल्यानोच्या गार्बेलोत्तो घराण्याने १७७५ पासून पिंपांचा धंदा सोडलेला नाही. याच घराण्यातले प्येरो गार्बेलोत्तो व्हॉलीबॉल क्लबचे अध्यक्ष आहेत आणि प्येत्रो मास्क्यो त्यांचे जोडीदार. गावात आधी स्पेस नावाचा क्लब होता, वरच्या श्रेणीत खेळणारा. पैशांअभावी तो २०११ मध्ये बुडाला. वर्षभर गावाला संघच नव्हता. २०१२ मध्ये या मंडळींनी इमोको व्हॉली उभा केला आणि पहिल्याच मोसमात संघ लीगच्या अंतिम फेरीत पोचला. तिथे प्याचेंझाने हरवलं. तीन वर्षांनी, २०१६ मध्ये, पहिला स्कुदेत्तो, म्हणजे इटालियन विजेतेपद, आलं. मार्गदर्शक होते दाविदे माझ्झांती.

पुढचा इतिहास विजयांचाच, म्हणून भरभर सांगते. २०१८ आणि २०१९ ला स्कुदेत्तो. २०२० चा मोसम कोविडमुळे अर्ध्यावर थांबला, विजेता ठरलाच नाही. मग २०२१ ते २०२५ सलग पाच. चॅम्पियन्स लीगने मात्र बराच काळ रडवलं. २०१७ मध्ये स्वतःच्या मैदानात इस्तंबूलच्या वकीफबँककडून आणि २०१९ मध्ये बर्लिनला नोवाराकडून अंतिम सामना गेला. २०२१ मध्ये व्हेरोनात वकीफबँकलाच पाच सेटमध्ये नमवून करंडक आणला, नंतर २०२४ आणि २०२५ मध्येही. डिसेंबर २०१९ पासून पुढची दोन वर्षं संघ हरलाच नाही. सलग ७६ सामने जिंकले, तो जागतिक विक्रम ठरला. इटलीत याच्याशी तुलना करायची तर १९८१ ते १९९१ सलग अकरा विजेतेपदं मिळवणाऱ्या रावेन्नाच्या तेओदोरा क्लबशीच करावी लागेल.

इटलीची पाओला एगोनू आली, तीन मोसम खेळून गेली. तिच्या जागी स्वीडनची इसाबेल हाक आली, पुढे ब्राझीलची गाबी आली. असे तारे पैशाने आणता येतात. मला महत्त्वाचे वाटतात ते टिकलेले लोक. पोलंडची सेटर, म्हणजे स्मॅशसाठी चेंडू उचलून देणारी, योआना वोवोश २०१७ पासून इथे आहे, कर्णधार आहे. त्याहून जुनी मोनिका दे जेन्नारो, २०१३ पासूनची लिबेरो. लिबेरोची जर्सी इतरांहून वेगळ्या रंगाची. तिने जाळीवर स्मॅश मारायचा नाही, ब्लॉकला उडी घ्यायची नाही. समोरून येणारा फटका जमिनीला लागायच्या आत उचलायचा आणि सेटरच्या डोक्यावर नेऊन ठेवायचा. जेमतेम पावणेसहा फुटांची ही बाई सर्व्हिस पडायच्या आधीच दोन पावलं सरकलेली असते. फटका आला की बाहेर आलेले हात क्षणभर मागे खेचते. चेंडूचा जोर तिथेच मरतो. गुणफलकावर तिच्या नावापुढे काही दिसत नाही, पण सामना तिथेच ठरतो. व्हॉलीबॉल बघणाऱ्याने निदान एक सेट तरी चेंडू सोडून फक्त तिच्याकडे बघावं.

तिचे पती दानिएले सांतारेल्ली २०१५ मध्ये सहायक म्हणून इथे आले आणि २०१७ पासून मुख्य मार्गदर्शक आहेत. क्लबमध्ये नवरा-बायको एका बाजूला, देशांच्या सामन्यांत समोरासमोर आलेले. त्यांनी २०२२ मध्ये सर्बियाला जगज्जेतं केलं, नंतर तुर्कस्तानचा संघ घेतला. तिने २०२४ मध्ये पॅरिसला इटलीच्या व्हॉलीबॉलमधलं पहिलं ऑलिंपिक सुवर्ण मिळवलं. सप्टेंबर २०२५ मध्ये बँकॉकला जागतिक अजिंक्यपदाचा अंतिम सामना इटली विरुद्ध तुर्कस्तान असा झाला. पाच सेट चालला. बायको जिंकली, नवरा हरला आणि लगेच नव्या मोसमासाठी दोघंही आपल्या एकाच क्लबमध्ये परतले.

खटकणारी गोष्ट एकच, पण ती सांगायला हवी. कोनेल्यानोचा संघ कोनेल्यानोत खेळत नाही. घरचे सामने होतात व्हिलोर्बाच्या पालाव्हेर्देत, गाडीने अर्ध्या तासावर. १९८३ मध्ये बेनेटन घराण्याने त्रेव्हिझोच्या बास्केटबॉलसाठी बांधलेलं हे सभागृह आहे. पाच हजारांहून जास्त आसनं असलेलं दुसरं सभागृह आसपास नाही, हे कारण पटतं. पण गावात भटकताना चीमाच्या नावाच्या पाट्या दिसल्या, प्रोसेक्कोच्या दिसल्या, या मुलींच्या विक्रमाची एखादी कायमची खूण मला तरी दिसली नाही. दुकानांच्या काचांत पिवळ्या-निळ्या शाली तेवढ्या टांगलेल्या होत्या. क्लबच्या नावातही आता प्रोसेक्कोचं नाव जोडलेलं असतं. पुरस्कर्त्यांशिवाय असा संघ चालत नाही हे खरंच, पण पुरस्कर्त्याचं नाव स्पेसच्या जर्सीवरही असायचं, तरी तो बुडाला. पुरस्कर्ते जातात. करंडक आणि छायाचित्रं ठेवायला गावाने स्वतःची एक खोली तरी द्यायला हवी, आणि ती आत्ताच, संघ शिखरावर असताना.

आपल्याकडून युरोपला जाणाऱ्या सहलींत व्हेनिस ठरलेलंच असतं. लीगचा मोसम ऑक्टोबरात सुरू होऊन वसंतापर्यंत चालतो. त्या काळात जाणार असाल तर व्हेनिसचा एक दिवस कमी करा. सकाळी कोनेल्यानोचा किल्ला आणि कॅथेड्रल बघा, सामना असेल तर नंतर पालाव्हेर्दे गाठा. तिकीट मात्र आधी काढून ठेवा.