उन्हात रुसणारी गाडी

1990च्या दशकातली होंडा सिव्हिक उन्हात उभी राहिली की कधीकधी सुरूच होत नाही. संध्याकाळी मात्र पहिल्या चावीला चालू. इंधन पंप बदलायची घाई नको. आधी पंपाला वीज देणारा डॅशबोर्डखालचा मेन रिले तपासा. त्यातल्या सोल्डरच्या सांध्यांना वर्षानुवर्षांच्या उष्णतेने केसाएवढ्या भेगा पडतात. तापल्यावर त्या फाकतात, निवल्यावर पुन्हा टेकतात.

गाडी अडली असतानाच चावी 'ऑन'वर फिरवून कान द्या. टाकीतून पंपाची सुमारे 2 सेकंद घरघर यायला हवी. ती नसेल आणि फ्यूज शाबूत असेल, तर त्याच क्षणी पंपाच्या कनेक्टरवर मीटर लावून चावी पुन्हा 'ऑन' करा. 12 व्होल्ट पोचूनही पंप गप्प, तर दोष बहुधा पंपात. करंटच नसेल तर संशय रिलेवर.

रिले बदलताना बॅटरीची निगेटिव्ह तार आधी काढा. जुन्याला पुन्हा सोल्डर करता येते, पण लांबच्या प्रवासासाठी मी नवाच बसवेन.