लडाखचे गाजर आणि पाण्याची पाळी



ऊस म्हटला की पाणी, हे आपल्या अंगवळणी पडलेले आहे. परंतु आपल्याच देशात असा एक मुलूख आहे की जिथे पाऊस आणि बर्फ मिळून वर्षाकाठी जेमतेम १०० मिलिमीटर पडते, थंडीत पारा शून्याखाली २० अंशांपर्यंत उतरतो, आणि तरीही घरोघरच्या वाफ्यात गाजर, मुळा, सलगम, बटाटा पिकतो. तो मुलूख म्हणजे लडाख. आपल्या भागातले कितीतरी जवान तिथे नोकरी करून आलेत, त्यांना ही थंडी वेगळी सांगायला नको.

लेह गाव सुमारे ३,५०० मीटर उंचीवर आहे. भाजीपाल्याचा हंगाम मे ते सप्टेंबर, एवढाच. पूर्वी घाटातले रस्ते बर्फाने बंद झाले की पाच-पाच, सहा-सहा महिने बाहेरची भाजी येत नसे. शरदात जमिनीतून काढून खड्ड्यात पुरून ठेवले, तेच उन्हाळ्यापर्यंत पुरवायचे. अशा ठिकाणी पाण्याची एक पाळी चुकली तर घरच्या ताटात ते दिसते.

पाणी येते कोठून?

पाऊस नसल्यासारखाच. सगळी भिस्त डोंगरावरच्या बर्फावर. दिवसा ऊन लागले की बर्फ वितळते आणि ते पाणी ओढ्याने गावात पोचेपर्यंत दिवस कलतो. रात्री दारं धरायची सोय नाही. म्हणून गावाच्या वरच्या अंगाला तळे बांधलेले असते, त्याला ‘झिंग’ म्हणतात. रात्रीचे पाणी त्यात साठवायचे आणि सकाळी पाटाने सोडायचे. कोणाच्या वाफ्याला केव्हा पाणी, हे ठरवायला गाव एक माणूस नेमते. त्याला ‘छुरपोन’ म्हणतात. आपल्याकडचा पाटकरीच म्हणा ना!

खरी अडचण पेरणीच्या वेळी येते. एप्रिल-मेमध्ये उंचावरचे बर्फ अजून वितळलेले नसते, आणि पाणी तर तेव्हाच हवे. यावर चेवांग नॉर्फेल या लडाखी इंजिनिअरांनी १९८७ च्या सुमारास उपाय सुरू केला. हिवाळ्यात वाया जाणारे ओढ्याचे पाणी डोंगराच्या सावलीच्या बाजूला वळवायचे, दगडी बांध घालून त्याचा वेग मोडायचा, म्हणजे ते थरावर थर गोठत जाते. हा साठा गावाच्या जवळ, कमी उंचीवर असल्याने लवकर वितळतो आणि पेरणीला उपयोगी पडतो. या कामाबद्दल त्यांना २०१५ मध्ये पद्मश्री मिळाली.

किती आणि केव्हा?

मुळांच्या भाज्यांना पाणी फार लागते असे नाही, पण ओल सारखी लागते. अंदाजाने बोलायचे तर आठवड्याला एक इंच पाणी. म्हणजे गुंठ्याला सुमारे २,५०० लिटर. लडाखची जमीन रेताड, पाणी धरून ठेवत नाही. म्हणून एवढेच पाणी दोन-तीन वेळा विभागून द्यावे लागते. पिकाच्या अवस्थेप्रमाणे हिशेब असा :

१. पेरणी ते उगवण : गाजराचे बी बारीक, ते वरच्या अर्ध्या इंचात असते. गार जमिनीत उगवायला दोन-तीन आठवडे घेते. तेवढे दिवस वरचा थर सुकू द्यायचा नाही. पाणी हलके द्यायचे. जोरात सोडले तर बी वाहून जाते आणि मागाहून पापडी धरते.

२. उगवणीनंतर : आता पाळी जरा लांबवावी, पण पाणी वीतभर खोल मुरेल असे द्यावे. ओल खाली असली की मूळही खाली जाते. रोज वरवर शिंपडले तर मूळ वरच घुटमळते.

३. मूळ पोसताना : खरी परीक्षा इथे. ताण देऊन मग एकदम भरपूर पाणी दिले की गाजर उभे तडकते. मुळ्याला ताण बसला तर तो तिखट आणि पोचट होतो. बटाटा वेडावाकडा वाढतो, कधी आतून पोकळ निघतो. मागचा ताण पुढच्या पाण्याने भरून निघत नाही, हे ध्यानात ठेवावे.

४. काढणीआधी : बटाट्याचे पाणी १०-१५ दिवस आधी तोडावे, म्हणजे साल घट्ट होते. गाजर-सलगमालाही शेवटी मोठे पाणी नको. माल न धुता, माती झटकून, फुटका-किडका बाजूला काढून खड्ड्यात रचावा. ओला किंवा तडकलेला एक जरी आत गेला तरी शेजारचे नासवतो.

आपण काय घ्यावे?

आपले हवामान वेगळे, जमीन काळी, पाणी मुबलक. परंतु मूळ ते मूळच. आपल्यापैकी बरेच जण पूर्वहंगामी उसात बटाटा, मुळा, बीट घेतात. तिथे उसाची पाळी आली म्हणून सरी तुडुंब भरायची, हे आंतरपिकाला मानवत नाही. मोकाट पाण्यात एका पाळीला तीन-चार इंच पाणी सहज जाते. भारी जमिनीत ते साचून बटाटा कुजतो, उसाच्या मुळांनाही हवा मिळत नाही. नदीकाठच्या कितीतरी जमिनी अशाच अति पाण्याने चोपण झाल्या, त्यावर मीठ फुटले, हे आपण डोळ्यांनी पाहतो आहोत.

तेव्हा पाळीच्या तारखेवर जाऊ नका. खुरप्याने वीतभर उकरा, मूठभर माती घेऊन वळून बघा. गोळा होऊन दाबल्यावर मोकळा फुटला तर वाफसा आहे, मोटार चालू करायची गरज नाही. गोळाच होत नसेल तर पाणी द्या, आणि तेही बेताने.