ऊन कडक, पाणी बर्फाचे

उन्हाळ्यात कॅलिफोर्नियाला मुलांकडे जाणाऱ्या आजी-आजोबांना सॅक्रामेंटो शहरातील अमेरिकन नदी आवर्जून दाखविली जाते. अवश्य जावे, मात्र तिचा स्वभाव आधी जाणून घ्यावा.

सिएरा नेवाडा पर्वतात उगम पावणाऱ्या तिच्या उत्तर, मध्य व दक्षिण अशा तीन शाखांचे पाणी फॉल्सम धरणात साठते. तेथून ती शहरात येऊन सॅक्रामेंटो नदीस मिळते. आपल्या नद्या पावसाळ्यात फुगतात. हिला वसंतात वितळलेले बर्फही भरून टाकते. धरणाखाली प्रवाह विसर्गानुसार कमीजास्त होतो. म्हणूनच हवा चाळिशी गाठत असतानाही पाणी गारठविणारे असू शकते.

अशा पाण्यात एकाएकी उतरल्यास धाप लागते, नाडी व रक्तदाब झपाट्याने वाढतात. हृदयविकार वा उच्च रक्तदाब असणाऱ्यांनी पाण्यात उतरण्याचा मोह टाळावा. राफ्टिंग करणाऱ्या तरुणांनीही लाइफ जॅकेट घालावे. नातवंड घसरले, तर स्वतः उडी न घेता तरंगणारी वस्तू फेकावी व ९११ क्रमांकावर मदत मागावी.

आनंद काठावरही आहे. नदीलगत सुमारे ५१ किलोमीटरचा सायकल व पायी फिरण्याचा मार्ग आहे. सकाळी लवकर, झेपेल तेवढेच चालावे. ऐकू कमी येत असल्यास सोबतीला कोणी असावे; मागून सायकली वेगाने येतात. लघवी वाढविणारी गोळी चालू असल्यास ऊन टाळावे, पाण्याचे प्रमाण डॉक्टरांना विचारून ठरवावे.